एरिक्सनच्या आठ अवस्था: तक्त्यामागची गोष्ट

डीएड-बीएड केलेल्या किंवा टीईटीला बसलेल्या कुणालाही विचारा, एरिक एरिक्सन या मानसशास्त्रज्ञाचं नाव घेतलं की विश्वास विरुद्ध अविश्वास, स्वायत्तता विरुद्ध लाज असा, जन्मापासून म्हातारपणापर्यंत दर टप्प्यावर माणसाच्या मनात कसली ओढाताण चालते याचा आठ ओळींचा तक्ता धडाधड म्हणून दाखवतील, कारण त्यावर हमखास प्रश्न येतो. पण तो कुणाच्या घरात, कशातून तयार झाला हे कुणी सांगत नाही, आणि मला वाटतं ते कळल्याशिवाय तक्ता पाठ होतो पण उमजत नाही.

एरिकचा जन्म १९०२ चा, जर्मनीत फ्रँकफर्टला. आई डॅनिश ज्यू, आणि खरा बाप कोण हे तिनं त्याला शेवटपर्यंत सांगितलं नाही. तो तीन वर्षांचा असताना तिनं होंबर्गर नावाच्या मुलांच्या डॉक्टरशी लग्न केलं आणि हेच तुझे वडील असं सांगून टाकलं. पोरगा उंच, सोनेरी केसांचा, निळ्या डोळ्यांचा, त्यामुळे सिनेगॉगमधली पोरं त्याला परका म्हणून चिडवायची आणि शाळेतली पोरं ज्यू म्हणून. मी कोण हा प्रश्न असा पाचवीलाच पुजलेला. पुढे चित्रं काढत युरोपभर भटकला, कॉलेजची डिग्री कधीच घेतली नाही, १९२७ ला मित्राच्या बोलावण्यावरून व्हिएन्नात एका छोट्या शाळेत शिकवायला गेला आणि तिथं सिग्मंड फ्रॉइडच्या मुलीकडे, अ‍ॅना फ्रॉइडकडे, मनोविश्लेषण, म्हणजे मनाच्या तळाशी दडलेलं बोलतं करून उपचार करायची पद्धत, शिकला.

१९३३ मध्ये नाझींमुळे बायको जोनसोबत अमेरिका गाठली. सिग्मंड फ्रॉइडचा सगळा भर आयुष्याच्या पहिल्या पाच-सहा वर्षांवर, पण एरिकनं साउथ डकोटातल्या सू आणि कॅलिफोर्नियातल्या युरोक या मूळ रहिवासी जमातींमध्ये जाऊन त्यांची मुलं कशी वाढतात ते पाहिलं आणि त्याला पटलं की समाज माणसाला घडवत राहतो, तेही मरेपर्यंत. १९३९ ला नागरिकत्व घेताना त्यानं आडनाव केलं एरिक्सन. म्हणजे एरिकचा मुलगा! 'आयडेंटिटी क्रायसिस', म्हणजे मी कोण हेच न उमगण्याचा पेच, हा शब्द त्यानं दुसऱ्या महायुद्धात मनानं खचलेल्या सैनिकांवर उपचार करताना वापरला, कालचा मी आणि आजचा मी यांचा धागाच तुटलेली माणसं होती ती.

आणि आता जे सांगतोय ते वाचताना मला फार जड जातं. १९४४ ला त्यांना चौथं मूल झालं, नील, डाउन सिंड्रोम असलेला. त्याला लगेच संस्थेत ठेवलं आणि घरातल्या मोठ्या भावंडांना सांगितलं की बाळ गेलं. ज्याच्यापासून बाप लपवला गेला त्यानंच पोटच्या मुलांपासून भाऊ लपवला. आणि त्याच वर्षांत हे दोघं निरोगी माणूस टप्प्याटप्प्यानं कसा वाढतो याचा तक्ता मांडत होते.

हो, दोघं. जोनचं नाव गाइडमध्ये नसतं, पण तक्ता दोघांचा आहे. आधी त्यात सातच अवस्था होत्या. बर्कलेहून स्टेशनकडे गाडीनं जाताना शेक्सपियरनं नाटकात सांगितलेल्या माणसाच्या आयुष्याच्या सात अवस्थांचा विषय निघाला आणि जोनच्या लक्षात आलं, अरे, यात आपण स्वतःच नाही, तरुणपणानंतर थेट म्हातारपण! घरात पोरं वाढवणारे, कामाच्या रगाड्यात असलेले हे दोघं तक्त्यातून सुटले होते. तिथून मधल्या वयाची अवस्था आली, पुढच्या पिढीसाठी काहीतरी करण्याची. १९५० च्या 'चाइल्डहूड अँड सोसायटी' पुस्तकात आठ आहेत.

याच मधल्या वयाचा धागा त्याला भारतात घेऊन आला. १९६२ ला तो अहमदाबादला आला तेव्हा तिथल्या गिरणी मजुरांच्या, गांधीजींनी चालवलेल्या १९१८ च्या संपाची आठवण असलेली माणसं हयात होती, अंबालाल साराभाई मालकांच्या बाजूचे आणि त्यांची सख्खी बहीण अनसूयाबेन मजुरांच्या बाजूची. गांधीजी त्या संपात ४८ वर्षांचे, म्हणजे नेमके मधल्या वयातले होते. त्यावरच्या 'गांधीज ट्रुथ' या १९६९ च्या पुस्तकाला अमेरिकेतलं मानाचं पुलित्झर पारितोषिक मिळालं. त्याच्यासोबत काम केलेल्या भारतीय मनोविश्लेषक सुधीर कक्करांनी पुढे या अवस्था आपल्या आश्रमव्यवस्थेशेजारी ठेवून पाहिल्या, जरूर वाचा.

१९९४ ला एरिक गेला. नव्वदी ओलांडलेल्या जोननं त्यानंतर तक्त्याला नववी अवस्था जोडली. आठव्या अवस्थेबद्दल दोघांनी लिहिलं तेव्हा ऐंशी-नव्वदीतलं शरीर कसं असतं हे त्यांनाच माहीत नव्हतं. म्हणून तिनं जोड्या उलट्या लिहिल्या, अविश्वास आधी आणि विश्वास नंतर, कारण त्या वयात स्वतःच्या पायांवरचाच भरवसा उरत नाही.