दिबाबा हे आडनाव नव्हे: पितृनाम आणि आडनाव यांतला फरक

लांब पल्ल्याच्या शर्यती बघणाऱ्यांना दिबाबा बहिणी ठाऊक असतात. इथिओपियाच्या तिघी सख्ख्या बहिणी, तिघींकडे ऑलिंपिक पदकं. एजेगायेहूला २००४ साली अथेन्समध्ये दहा हजार मीटरचं रौप्य, तिरुनेशला २००८ साली बीजिंगमध्ये पाच आणि दहा हजार मीटरची दोन सुवर्णं, गेन्झेबेला २०१६ साली रिओत दीड हजार मीटरचं रौप्य. तिघींच्या नावाला ‘दिबाबा’ जोडलेलं, त्यामुळे जगाने ते त्यांचं आडनाव धरलं. पण ते आडनाव नाही. दिबाबा हे त्यांच्या वडिलांचं नाव. त्यांच्या नात्यातली बहीण देरार्तू तुलू, १९९२ची बार्सिलोनातली सुवर्णविजेती, ‘दिबाबा’ नाही, कारण तिचे वडील वेगळे. आणि तिरुनेशचं लग्न झालं सिलेशी सिहिने या धावपटूशी, म्हणजे तिथल्या रीतीप्रमाणे तिच्या मुलांच्या नावाला सिलेशी जोडलं जाणार, दिबाबा नाही.

गफलत होते ती इथेच. सख्ख्या भावंडांकडे पाहिलं तर पितृनाम आणि आडनाव हुबेहूब सारखे दिसतात. फरक कळतो तो एक पिढी वर किंवा एक पिढी खाली गेल्यावर. पितृनाम एका माणसाकडे बोट दाखवतं: हा अमक्याचा मुलगा. पुढच्या पिढीत तो अमका बदलतो, म्हणून नावही बदलतं. आडनाव एका घराकडे बोट दाखवतं, आणि बाप, आजा, नातू सगळे त्याच एका शब्दाखाली येतात. म्हणून मी स्वतः एकच प्रश्न विचारतो: हा शब्द त्याच्या वडिलांच्या नावातही त्याच जागी आहे का? असेल तर आडनाव. नसेल, आणि तो शब्द म्हणजेच वडिलांचं नाव असेल, तर पितृनाम.

आइसलँडमध्ये ही कसोटी घराच्या दारावरच्या पाटीवर लावून बघा. समजा घरात यॉन एइनारसन आणि त्याची बायको गुद्रून पेतुर्सदोत्तिर राहतात. मुलगा ओलावुर, मुलगी आन्ना. मुलाचं पूर्ण नाव ओलावुर यॉन्सन, यॉनचा मुलगा. मुलीचं आन्ना यॉन्सदोत्तिर, यॉनची मुलगी. एका घरात चार माणसं आणि नावांचे शेवट चार. लग्नाने गुद्रूनचं नाव बदलत नाही, कारण लग्न झालं म्हणून तिचा बाप बदलत नाही. हे मला या पद्धतीतलं सगळ्यात सुंदर तर्कशास्त्र वाटतं. तिथल्या टेलिफोन डिरेक्टरीतही नावं पहिल्या नावाच्या क्रमाने लावलेली असत. विग्दिस फिनबोगादोत्तिर १९८० साली राष्ट्राध्यक्ष झाल्या तरी लोकांच्या त्या विग्दिसच राहिल्या. ‘श्रीमती फिनबोगादोत्तिर’ याचा अर्थ ‘श्रीमती फिनबोगीची मुलगी’, आणि तशी हाक कोणी मारत नाही. पितृनामाची ही रीत टिकावी म्हणून तिथे १९२५च्या कायद्याने नवी आडनावं घ्यायला बंदीच घातली गेली.

रशियात दोन्ही गोष्टी एकाच नावात शेजारी शेजारी बसतात, म्हणून फरक शिकायला ती भाषा उत्तम. अंतोन पाव्लोविच चेखव: अंतोन हे स्वतःचं नाव, पाव्लोविच म्हणजे पावेलचा मुलगा, चेखव हे आडनाव. बहीण मारिया पाव्लोवना चेखोवा. इथे पुष्कळ लोक फसतात. शेवट बाई-पुरुषाप्रमाणे बदलतो म्हणून त्यांना आडनावही पितृनाम वाटतं. तो नुसता व्याकरणाचा भाग आहे. चेखव आणि चेखोवा हे एकच आडनाव. आदराने हाक मारायची तर ‘अंतोन पाव्लोविच’. म्हणजे ज्या जागी इतर भाषा आडनावाला ‘श्री.’ जोडतात, तिथे रशियन माणूस बापाचं नाव घेतो.

आता तोच ‘विच’ घेऊन सर्बियात या. टेनिसपटू नोव्हाक जोकोविचच्या वडिलांचं नाव जोको नाही, स्रजान आहे. जोको नावाचा कोणी पूर्वज कधीतरी होऊन गेला, त्याच्या नावावरून झालेलं पितृनाम एका पिढीत थांबलं आणि घराचं होऊन बसलं. म्हणजे तोच प्रत्यय रशियात जिवंत आहे, सर्बियात गोठलेला. नुसत्या प्रत्ययावरून निकाल देऊ नये तो यासाठी.

हे गोठणं नेमकं कसं होतं, ते जर्मनीतल्या एका घराण्यात अगदी जवळून दिसतं. तत्त्वज्ञ मोझेस मेंडेल्सझोन १७२९ साली जन्मले. त्यांच्या वडिलांचं नाव मेंडेल, आणि मेंडेल्सझोन म्हणजे मेंडेलचा मुलगा. मोझेसच्या बाबतीत तो शब्द अक्षरशः खरा होता. त्यांचा मुलगा अब्राहम, आणि अब्राहमचा मुलगा संगीतकार फेलिक्स, जन्म १८०९. फेलिक्स मेंडेलचा मुलगा नव्हे, पणतू. तरी तो मेंडेल्सझोनच. आजोबांकडे जे पितृनाम होतं तेच नातवाकडे आडनाव होतं. शब्दाचं एक अक्षरही बदललं नाही.

बऱ्याच ठिकाणी हे आपोआप घडलं नाही, सरकारने घडवलं. कर वसूल करायचा, सैन्यात भरती करायची, वारसा नोंदवायचा, तर दर पिढीला बदलणारं नाव कारकुनाच्या कामाचं नाही. नेदरलँड्समध्ये नेपोलियनच्या राजवटीत १८११ साली सगळ्यांना कायम आडनाव नोंदवण्याचा हुकूम निघाला. तुर्कस्तानात आडनावाचा कायदा १९३४चा. मुस्तफा केमालला ‘अतातुर्क’ मिळालं ते त्याच वर्षी. डेन्मार्कमध्ये १८२८चा फतवा आला, आणि लोकांच्या अंगवळणी पडायला त्याला काही दशकं लागली. त्याआधी येन्सचा मुलगा पेटर येन्सन, त्याचा मुलगा हान्स पेटरसन. आता हान्ससुद्धा येन्सनच, आणि हान्सची बहीणही येन्सन. बाईच्या नावात ‘मुलगा’ हा शब्द कायमचा राहिला. ज्या पिढीत नावं गोठली त्या पिढीच्या बापांची नावंच देशभर उरली. येन्सन, नील्सन, हान्सन यांची गर्दी आजही तिथे आहे ती त्यामुळे.

एकदा गोठलं की मूळ ओळखणं अवघड होत जातं. स्पॅनिश ‘एझ’ अजून दिसतो: फर्नांदोचा फर्नांदेझ, सांचोचा सांचेझ, रोद्रिगोचा रोद्रिगेझ. वेल्समध्ये मात्र ‘अप’ किंवा ‘अब’ म्हणजे मुलगा, आणि तो पुढच्या नावात इतका विरघळला की सांगितल्याशिवाय कळत नाही. ‘अप रीस’चा प्राइस झाला, ‘अप ह्यू’चा प्यू, ‘अब ओवेन’चा बोवेन. प्राइस नावाच्या माणसाचा किमतीशी काडीचा संबंध नाही. त्याच्या कुठल्या तरी पूर्वजाचं नाव रीस होतं.

अरबी नावांत तर एकच शब्द दोन्ही कामं करतो. ‘इब्न’ म्हणजे मुलगा. पण मध्ययुगातला वैद्य आणि तत्त्वज्ञ इब्न सिना याचे वडील सिना नव्हते. त्यांचं नाव अब्दुल्ला. सिना हा वर कुठला तरी पूर्वज, आणि ‘इब्न सिना’ हे घराण्याचं नाव झालेलं. उलट मलेशियाचे राजकीय नेते अन्वर इब्राहिम घ्या. तिथे इब्राहिम हे वडीलच, म्हणून त्यांचा आदराने उल्लेख करायचा तर ‘अन्वर’ असाच करावा लागतो, ‘इब्राहिम’ म्हटलं तर आपण त्यांच्या वडिलांबद्दल बोलतोय.

ही चूक क्षुल्लक आहे असं मला वाटत नाही. माणूस आयुष्यभर काहीतरी कमावतो आणि बातमीत नाव येतं ते त्याच्या बापाचं. बुद्धिबळात विश्वनाथन आनंदचंही तेच झालं. तमिळ रीतीने वडिलांचं नाव आधी आणि स्वतःचं नंतर, म्हणजे त्याचं नाव आनंद आणि वडिलांचं विश्वनाथन. परदेशातल्या लोकांनी पहिला शब्द त्याचं नाव धरला आणि लाडाने त्याला ‘विशी’ केलं. प्रेम खरं होतं, नाव बापाचं होतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या इथिओपियन प्रमुखांना सगळे ‘डॉ. टेड्रोस’ म्हणतात तेव्हा काहींना ती सलगी वाटते. ती सलगी नाही, तीच बरोबर रीत आहे. पुढचं अधानोम हे वडिलांचं नाव, आणि त्यापुढचं गेब्रेयेसस आजोबांचं.

ज्यांच्याकडे यांतलं काहीच नाही असेही लोक आहेत. म्यानमारमध्ये घराचं नाव नसतंच. १९६१ ते १९७१ संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस असलेल्या ऊ थांट यांचं नाव नुसतं थांट, ‘ऊ’ हा आदरार्थी शब्द.

आणि मंगोलियात गाडी उलटी फिरली. तिथे जुनी कुळनावं होती. १९२०च्या दशकात नव्या साम्यवादी राजवटीने ती बंद केली आणि माणसापाशी उरलं ते स्वतःचं नाव व त्याआधी बापाचं. राजवट बदलल्यावर कुळनावं परत घ्यायला सांगितलं गेलं, तेव्हा अनेकांना आपलं कूळ कोणतं हेच आठवेना. पुष्कळांनी चंगीझखानाचं बोर्जिगिन घेतलं. १९८१ साली अंतराळात गेलेला पहिला मंगोलियन, जुग्दरदेमिदीन गुर्रागचा, म्हणजे जुग्दरदेमिदचा गुर्रागचा. त्याने कुणाचंच जुनं कूळ घेतलं नाही. त्याने ‘सान्सार’ निवडलं. मंगोलियन भाषेत त्याचा अर्थ अंतराळ, आणि तो शब्द तिथे पोहोचला संस्कृतातल्या ‘संसार’वरून.