वर्ष कुठून मोजायचे? कालाभ्यासाच्या एका कल्पित अकादमीची पार्श्वभूमी

केवळ काळाचा अभ्यास करणारी अकादमी आणि तिला जोडून ग्रंथालय, अशी संस्था पुण्यात नाही. ती आहे असे घटकाभर धरले, तर तिच्या कपाटांत काय काय जमेल हे सांगणे अवघड नाही. तो सगळा ऐवज शहरात आधीच विखुरलेला आहे: पोथ्या एकीकडे, दफ्तरे दुसरीकडे, पंचांगांचे जुने गठ्ठे तर कुणाकुणाच्या माळ्यावर. आणि असल्या संस्थेत पहिले भांडण कशावरून होईल, हेही ठरलेलेच आहे: राशिचक्र आणि वर्ष कुठून मोजायचे यावरून, कारण ते पुण्याने एकदा मनसोक्त भांडून घेतले आहे.

दूरच्या काळात फार रेंगाळायला नको. कोकणातल्या नांदगावी १५२० मध्ये ‘ग्रहलाघव’ हा ग्रहगणिताचा ग्रंथ रचला गेला आणि पुढची तीन-साडेतीन शतके महाराष्ट्रातल्या जोशांचे गणित बहुतांशी त्यावरच चालले. पेशवाईच्या कागदांत तर कालगणनांची गर्दीच आहे. पत्राखाली ‘छ’ लिहून हिजरी महिन्यातला चंद्र घालायचा, म्हणजे तारीख चांद्र. आणि शेजारी सन लिहायचा शुहूर, म्हणजे आकडे अरबी शब्दांत लिहिण्याचा सन, जो मृग लागला की बदलतो, म्हणजे सौर. पानिपतची लढाई झाली ती १४ जानेवारी १७६१ ला. त्याच दिवशी शके १६८२ ची पौष शुद्ध अष्टमी होती, शुहूर सन इहिदे सितैन मया व अलफ, म्हणजे ११६१, हिजरी ११७४ आणि राज्याभिषेक शक ८७. सूचीकाराने यातले कुठले वर्ष आधी लिहायचे? दफ्तरात बसणाऱ्यांना ही कसरत सवयीची. जंत्री, म्हणजे या सगळ्या तारखांचा मेळ दाखवणारे कोष्टक, हाताशी असली की भागते.

खरा गुंता एकोणिसाव्या शतकातला. ग्रहलाघवाने काढलेली ग्रहस्थिती आणि दुर्बिणीतून दिसणारी ग्रहस्थिती यांत अंतर पडू लागले होते. पुण्यातल्या गणिताच्या एका प्राध्यापकाने १८६० मध्ये युरोपीय ग्रंथांच्या आधारे मराठीत ग्रहसाधनाची कोष्टके छापली आणि १८६५ पासून ‘पटवर्धनी’ पंचांग निघू लागले. गणित नव्याने करायचे यावर फारसे दुमत नव्हते. वाद पेटला तो आरंभबिंदूवरून. संपात, म्हणजे दिवस-रात्र समान होतात तेव्हाचे सूर्याचे स्थान, दर वर्षी सुमारे ५० विकला मागे सरकतो (साठ विकलांची एक कला, साठ कलांचा एक अंश). म्हणून निरयन, म्हणजे ताऱ्यांना धरून केलेल्या, गणनेत राशिचक्र अमुक ताऱ्यापाशी सुरू होते असे ठरवावे लागते. नव्या पंचांगाने रेवती नक्षत्राचा योगतारा, म्हणजे त्याचा खुणेचा तारा, धरला. दुसऱ्या बाजूचे म्हणणे असे की चित्रा बरोबर १८० अंशांवर धरावी आणि तिच्या समोरचा बिंदू हा आरंभ मानावा.

गंमत अशी की सूर्यसिद्धान्तात दोन्हींना आधार सापडतो. रेवती ३५९ अंश ५० कलांवर आणि चित्रा १८० अंशांवर, असे दोन्ही भोग, म्हणजे राशिचक्रावरची स्थाने, त्यात दिलेले आहेत. पण आकाशातल्या या दोन ताऱ्यांच्या भोगांत प्रत्यक्षात जवळपास १८४ अंशांचे अंतर आहे. म्हणजे एकाला खरे मानले की दुसरा चार अंशांनी खोटा पडतो. संपात आणि हा आरंभबिंदू यांतले अंतर म्हणजे अयनांश. रेवतीपक्षाने शून्य अयनांशाचे वर्ष शके ४९६ धरले. चित्रा धरली तर ते शके २०७ च्या आसपास येते. चार अंश म्हणजे सूर्याचे चार दिवस. तिथीला याने धक्का लागत नाही, कारण तिथी सूर्य-चंद्रांतल्या अंतरावर ठरते. संक्रांती मात्र सरकतात, आणि संक्रांत सरकली की एखाद्या वर्षी अधिक मासच वेगळा येतो. मग एका घरात दिवाळी आणि शेजारी अजून महिना बाकी!

रेवतीवर नेहमीचा आक्षेप असा की तो तारा मंद आहे, नुसत्या डोळ्यांनी कष्टानेच दिसतो, उलट चित्रा ठळक. हे खरे असले तरी निर्णय त्यावर झाला असे वाटत नाही. जुन्या ग्रहलाघवी पंचांगांत शून्य अयनांश शके ४४४ चा आणि दर वर्षी एक कला वाढ. त्या हिशोबाने १८६५ मध्ये अयनांश २२ अंश २३ कला येतात. चित्रापक्षाचे तेव्हा २२ च्या जवळ, रेवतीपक्षाचे १८ च्या. म्हणजे चित्रेमुळे घराघरातली संक्रांत जवळपास होती तिथेच राहत होती. चित्रापक्षाचा भक्कम आधार आकाशापेक्षा भिंतीवरच्या पंचांगात होता. याउलट पुण्यातल्या रेवतीपक्षाच्या सुधारकांनी ‘दिसते तेच गणितात आणा’ हा आपला आग्रह शेवटपर्यंत नेला, आणि त्याचे श्रेय त्यांना फारसे मिळाले नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी परिषदांवर परिषदा झाल्या. त्यांतून पुण्याच्या थोर पुढाऱ्याचे, टिळकांचे, नाव रेवतीच्या पंचांगाला मिळाले. नावामुळे पंचांग टिकले. घरे मात्र दुसऱ्या पक्षाची वाढत गेली.

दिल्लीने १९५२ मध्ये पंचांगसुधारणेसाठी समिती नेमली. तिचा अहवाल १९५५ चा. नागरी वर्ष सायन, म्हणजे संपातापासून मोजलेले, ठरले आणि २२ मार्च १९५७ हा दिवस १ चैत्र १८७९ झाला. सणांसाठी २१ मार्च १९५६ चे अयनांश २३ अंश १५ कला धरले गेले. हा आकडा चित्रेच्या बाजूचा. सरकारी वर्ष मात्र आकाशवाणीवर आणि राजपत्रातच राहिले, पुण्यातल्या एकाही सदाशिवपेठी मुंजीचा मुहूर्त त्यावरून निघाला नसेल.

घड्याळाचा काळ त्या मानाने बिनबोभाट बदलला. रेल्वे पुण्यात १८५८ ला आली, पुढे गाड्या मद्रासच्या वेळेवर धावू लागल्या आणि १ जानेवारी १९०६ पासून साडेब्यांशी रेखांशाची प्रमाणवेळ आली. पुण्याचा खरा मध्यान्ह तिच्या सरासरी ३४ मिनिटे मागे असतो. चार दिवसांवरून परिषदा भरवणाऱ्या शहराने या ३४ मिनिटांवर एवढा कंठशोष केला नाही. सूर्योदयाच्या वेळा छापताना पंचांगकर्त्यांनीही प्रमाणवेळ मुकाट्याने स्वीकारली.

आता हिशोब मोबाइलवर होतो. पंचांगाच्या अ‍ॅपमध्ये अयनांश निवडण्याची सोय असली, तरी आधीपासून खूण केलेली असते ती बहुधा चित्रापक्षावर. टिळक पंचांगात मकरसंक्रांत आजही १० जानेवारीलाच येते, आणि ते वापरणाऱ्या घरांत तिळगूळ चार दिवस आधी वाटला जातो.