नकोसा विचार म्हणजे छुपी इच्छा नव्हे

‘मनात जे वारंवार येतं, ते माणसाला आतून करायचंच असतं’ असा मजकूर वर्षानुवर्षं फिरतोय. वाचताना पटतोही, पण तो खरा नाही.

बाळाला कडेवर घेऊन गॅलरीत उभ्या असलेल्या आईच्या मनात येतं, ‘हातून सुटलं तर?’ ती दचकते, मागे सरकते, पुढे गॅलरीत जाणंच टाळते. इच्छा असती तर इतकी धास्ती कशाला वाटली असती? असे विचार जवळपास सगळ्यांनाच येतात आणि बहुतेकांच्या मनातून विरूनही जातात. ओसीडीत, म्हणजे मंत्रचळ या मनाच्या आजारात, माणूस त्यांचा अर्थ लावत बसतो, पुन्हापुन्हा खात्री करून घेतो. त्याने घटकाभर बरं वाटतं आणि विचार आणखी चिकटतो.

स्वतः पडताळून पाहा. एक मिनिट हिरव्या मांजरीचा विचार अजिबात करायचा नाही. ती येतेच! तुम्हाला मांजर हवी होती म्हणून नव्हे, तर पहारा बसवला की मन तेच शोधत राहतं म्हणून.

या विचारांत रोज तासाहून जास्त वेळ जात असेल, कामं अडत असतील, तर मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. भीतीला टप्प्याटप्प्याने सामोरं जायला शिकवणारी थेरपी आणि औषधं, दोन्हींचा उपयोग होतो. जीवच नकोसा वाटत असेल, तर मात्र आजच कुणाशी तरी बोला.