डीपफेक आणि भरवसा (कोकण किनारा)

डीपफेक म्हणजे एआय वापरून एखाद्याचा चेहरा नाहीतर आवाज हुबेहूब उचलून केलेला खोटा व्हिडिओ किंवा ऑडिओ. शब्द 2017 चा, रेडिट या वेबसाइटवरच्या एका युजरनेमवरून पडलेला. आपल्याकडे घराघरात तो पोचला नोव्हेंबर 2023 ला, रश्मिका मंदानाचा चेहरा दुसऱ्याच मुलीच्या लिफ्टमधल्या व्हिडिओवर चिकटवला तेव्हा, आणि जानेवारी 2024 मध्ये सचिन तेंडुलकर गेमिंग अ‍ॅपची जाहिरात करताना दिसला, मग त्यालाच सांगावं लागलं की बाबांनो हा व्हिडिओ खोटा आहे.

लोक फसतात ते फसतातच, पण जास्त वाईट म्हणजे खरी क्लिप समोर आली तरी माणूस "एआय असेल" म्हणून मोकळा होतो. चेस्नी आणि सिट्रॉन या कायद्याच्या दोन अमेरिकी प्राध्यापकांनी याला 'लायर्स डिव्हिडंड' म्हटलंय, म्हणजे सगळीकडे खोटं बोकाळलं की खोटारड्याचं आयतंच फावतं, पकडला गेला तरी व्हिडिओच बनावट म्हणायला तो मोकळा.

कोकणात हे जरा जास्तच लागतं कारण निम्मं घर मुंबईला, चाकरमानी वर्षातून दोनदा येणार, शिमग्याला आणि गणपतीला, बाकी सगळा व्यवहार फोनवर. आवाज ओळखला की पैसे पाठवले, असा आजवरचा हिशोब. आता आवाजाची नक्कल करायला थोडंसंच रेकॉर्डिंग पुरतं आणि ते गणपतीतल्या आरतीच्या रीलमध्ये मिळतंच की! त्यामुळे "काकी, फोन बिघडलाय, या नंबरवर पाठव" असा मेसेज अगदी पुतण्याच्या आवाजात आला तरी आधी त्याच्या जुन्या नंबरवर फोन लावायचा, लाजायचं नाही.

पावसाळ्यात तर विचारू नका. निसर्ग वादळ 3 जून 2020 ला रायगडच्या किनाऱ्यावर आलं, 22 जुलै 2021 ला वाशिष्ठीचं पाणी चिपळूणच्या बाजारात घुसलं, तेव्हाच्या क्लिप "आत्ताची परिस्थिती" म्हणून फिरवायच्या तर एआयसुद्धा लागत नाही (खरं तर असला स्वस्तातला खोटेपणाच जास्त दिसतो). सारखं असलं बघून लोक कंटाळतात आणि मग खरा इशाराही "काय रे, एआयवाला काय ह्या?" म्हणत गजालीत उडून जातो. होडीवर पाच-सहा खलाशी घेऊन निघायचं की नाही हे ठरवणाऱ्या तांडेलाला असं चालत नाही. तो ग्रुपवरचं बघतो, पण बंदरात 3 नंबरचा बावटा (खराब हवामानाच्या इशाऱ्याचा) चढला का तेही बघतो, कारण तो काठीवर असतो, फॉरवर्ड होत नाही.

ओळखायच्या खुणांचं म्हणाल तर 2018 च्या सुमाराला "डीपफेकमधला माणूस पापण्या मिटत नाही" असं सांगत, लवकरच ते मिटायलाही लागले. त्यात व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवताना क्लिपची फाइल लहान केली जाते आणि बारीक खुणा पुसल्या जातात, तेव्हा डोळे ताणण्यापेक्षा हे पहिल्यांदा कुणी टाकलं ते विचारावं. पैसे गेले असतील तर लगेच 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन.