परप्रांतीयांना विरोध: तो कशाने वाढतो आणि मोजायचा कसा

सुरतच्या उधना-लिंबायत भागात अहिराणी सहज कानावर पडते आणि जळगावच्या एमआयडीसीत हिंदी. खान्देशातून माणसे पोटासाठी बाहेर जातात, बाहेरची माणसेही पोटासाठी इथे येतात. त्यामुळे ‘बाहेरच्यांना’ होणारा विरोध आपल्याला दोन्ही बाजूंनी समजून घेता येतो.

आधी आपण बाहेरचे असतो ती बाजू पाहू. दक्षिण गुजरातेत बारडोली परिसरातल्या ऊसतोडीसाठी साखर कारखान्यांनी मुकादमांमार्फत खान्देशातून हजारो मजूर नेले. डच समाजशास्त्रज्ञ यान ब्रेमन यांनी १९७० च्या दशकात तिथे अभ्यास केला. फडाशेजारच्या गावातले हळपती या आदिवासी समाजातले भूमिहीन मजूर कामाला हजर असतानाही कारखाने लांबून मजूर का आणतात, हा त्यांचा प्रश्न होता. उत्तर असे की बाहेरून आलेल्याने उचल, म्हणजे मजुरीचे आगाऊ पैसे, घेतलेली असते आणि तो फडाजवळ पालात राहतो. रात्री वाहन आले तरी भरायला उठतो, हंगाम संपला की निघून जातो. स्थानिक मजूर हे सगळे निमूट सोसेलच असे नाही. म्हणजे निवड मालकाची असते, पण ज्याचे काम गेले त्याच्या डोळ्यांसमोर मालक नसतो, दुसरा मजूर असतो.

कॅलिफोर्नियात हेच कायद्यापर्यंत गेले. अमेरिकेचा पूर्व-पश्चिम रेल्वेमार्ग १८६९ मध्ये पूर्ण झाला. त्याच्या पश्चिमेकडच्या भागाचे बहुतेक अंगमेहनतीचे काम चिनी मजुरांनी केले होते. १८७३ ची मंदी आली, रोजगार आटला आणि १८७७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत चिनी वस्तीवर दंगलखोर चालून गेले. त्याच वर्षी ‘चिन्यांना हाकला’ अशी घोषणा देणारा कामगारांचा पक्ष उभा राहिला आणि १८८२ मध्ये चिनी मजुरांना बंदी घालणारा कायदा झाला. तो १९४३ मध्ये उठला, तेव्हाही वर्षाला फक्त १०५ जणांना प्रवेश होता. चिनी लोक मंदीच्या कितीतरी आधीपासून तिथे होते. मंदीने कारण दिले आणि संघटनेने त्याला आवाज दिला.

मुंबईत १९६६ मध्ये शिवसेना स्थापन झाली, तेव्हा पहिला रोख दाक्षिणात्यांवर होता. वाद मुख्यतः कारकुनी आणि कार्यालयीन नोकऱ्यांचा होता, कारण शिकलेल्या मराठी तरुणालाही तीच नोकरी हवी होती.

मग विरोधाचे मूळ पोटात की मनात? अमेरिका-युरोपातल्या अभ्यासांत स्वतःच्या नोकरीची भीती फारसे काही स्पष्ट करत नाही. भाषा, चालीरीती आणि ‘देशाचे काय होणार’ ही काळजी जास्त वजनदार ठरते. पण निखर गायकवाड आणि गॅरेथ नेलिस यांनी मुंबईत घरोघरी जाऊन केलेल्या प्रयोगात चित्र वेगळे निघाले: तिथे आर्थिक हितसंबंध मध्यवर्ती होते. अल्पसंख्याकांच्या उत्तरांत मात्र आणखी एक हिशेब दिसला. आपल्या समाजाची माणसे आली तर आपली संख्या आणि सुरक्षितता वाढेल, असा तो होता. म्हणून पाश्चात्त्य निष्कर्ष जसेच्या तसे इकडे लावू नयेत.

बाहेरची माणसे किती आहेत यापेक्षा ती किती अचानक दिसू लागतात, हा वेगाचा मुद्दा तर बहुतेकांच्या लक्षातच येत नाही. रायन एनॉस या संशोधकाने बॉस्टनजवळच्या गोऱ्या वस्तीच्या रेल्वे स्थानकांवर स्पॅनिश बोलणाऱ्या जोड्या रोज ठरलेल्या वेळी उभ्या केल्या. ३ दिवसांनी प्रवाशांची स्थलांतरितांविषयीची मते कडक झाली. १० दिवसांनी तो कडकपणा थोडा ओसरला. नवा चेहरा बोचतो, रोजचा चेहरा कमी बोचतो. गॅलप या जनमत चाचणी संस्थेच्या पाहणीत स्थलांतर कमी करावे म्हणणारे अमेरिकन २०२४ मध्ये ५५ टक्के होते, २०२५ मध्ये ३० टक्के. देशातल्या परदेशी जन्माच्या लोकांचे प्रमाण एका वर्षात असे खाली येत नाही. बदलल्या त्या सीमेवरच्या घडामोडी आणि राजकारणातली चर्चा.

आणि अफवेला तर संख्याही लागत नाही, स्पर्धाही लागत नाही. १ जुलै २०१८ ला साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात मुले पळवणारे समजून जमावाने भटक्या नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या ५ जणांना ठार मारले. खान्देशात या विषयावर लिहिताना ही घटना वगळणे मला अप्रामाणिक वाटते.

आता मोजमाप. ‘परप्रांतीय नकोत का?’ असे थेट विचारले, तर अनेक जण समोरच्याला बरे वाटेल ते उत्तर देतात. त्यावर उपाय आहे यादी पद्धत. लोकांचे चिठ्ठ्या टाकून दोन गट करायचे. पहिल्याला ३ गोष्टी वाचून दाखवायच्या: पेट्रोलचे दर वाढणे, गावात वाचनालय उघडणे, क्रिकेटपटूंना कोट्यवधींचे मानधन. दुसऱ्याला याच ३ आणि चौथी: परराज्यातले मजूर गावात राहायला येणे. कोणत्या गोष्टी खटकतात ते विचारायचे नाही, किती खटकतात तेवढा आकडा घ्यायचा. पहिल्या गटाची सरासरी १.५ आणि दुसऱ्याची १.८ आली, तर फरक ०.३, म्हणजे सुमारे ३० टक्के लोकांना चौथी गोष्ट खटकते.

फसते कुठे? तिन्ही गोष्टी सगळ्यांनाच खटकणाऱ्या निवडल्या, तर ‘४’ म्हणणाऱ्याचे मत उघडे पडते. म्हणून बहुतेकांना खटकेल अशी एक, बहुतेकांना खटकणार नाही अशी एक आणि मतभेदाची एक घ्यावी. गट लहान ठेवणे ही दुसरी चूक. प्रत्येकी १०० जण घेतले, तर वरच्या उदाहरणात ३० चा आकडा दोन्हीकडे सुमारे २० ने हलू शकतो, म्हणजे तो निरुपयोगी. प्रत्येकी १,००० घेतले, तर ही हालचाल सुमारे ६ वर येते.

प्रश्न अहिराणीत किंवा पावरा आदिवासींच्या पावरी बोलीत विचारावेत, आणि विचारणारा गावातल्या कुणाचा नातलग नसावा. वेळही जपावी लागते. नंदुरबार, साक्री, शिरपूरच्या पाड्यांवर दिवाळीनंतर ऊसतोडीला गेलेल्यांच्या घरांना कुलूप असते. पाहणी तेव्हा केली, तर जे स्वतः परक्या मुलखात मजुरी करतात त्यांचेच मत आकड्यातून गळते. ती पावसाळ्यात, माणसे घरी असताना करावी.