समाजशास्त्राचे प्रवर्तक

माणसे एकत्र राहतात तेव्हा त्यांच्यात चालीरीती, दर्जे, संस्था आणि बंधने तयार होतात. त्यांचा पद्धतशीर अभ्यास करणारे शास्त्र एकोणिसाव्या शतकात युरोपात आकाराला आले. ज्यांनी ते उभे केले, त्यांना समाजशास्त्राचे प्रवर्तक म्हणतात. फ्रेंच राज्यक्रांती, कारखानदारी आणि झपाट्याने फुगणारी शहरे यांनी जुनी घडी विस्कटून टाकली होती. नवी घडी कशाच्या आधारावर बसणार, हा त्या काळाचा प्रश्न होता. पाठ्यपुस्तकांत या विचारवंतांचे सिद्धांत येतात आणि चरित्र चार ओळींत उरकले जाते. त्यामुळे एक महत्त्वाची गोष्ट नजरेआड होते. यांपैकी बरेच जण धर्माने, वर्णाने, लिंगाने किंवा वर्गाने आपापल्या समाजाच्या कडेला उभे होते. आतल्यांना जे स्वाभाविक वाटे, त्यावर यांना तिथून प्रश्न विचारता आला.

शास्त्राला ‘समाजशास्त्र’ हे नाव रूढ करून दिले ते ऑग्युस्त काँत (1798–1857) यांनी. मानवी विचार धार्मिक, तात्त्विक आणि प्रत्यक्षार्थवादी (म्हणजे निरीक्षणावर आधारलेली) अशा तीन अवस्थांतून जातो, हा त्यांचा नियम आज कोणी जसाच्या तसा मानत नाही. समाजाचा अभ्यास निरीक्षणावर उभा राहिला पाहिजे, हा आग्रह मात्र टिकला. प्रत्यक्षार्थवादी तत्त्वज्ञानावरील त्यांचे सहा खंड हॅरिएट मार्टिनो (1802–1876) यांनी 1853 मध्ये दोन खंडांत संक्षिप्त करून इंग्रजीत आणले. काँत यांना ते इतके पसंत पडले की त्यांनी स्वतःच त्याची शिफारस केली. मार्टिनो यांची ओळख बराच काळ ‘काँतच्या अनुवादक’ एवढीच राहिली, हे अन्यायाचे आहे. तरुणपणीच त्यांची श्रवणशक्ती गेली होती. कानाला नळी लावून त्यांनी 1834 ते 1836 या काळात अमेरिकेत प्रवास केला आणि स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यातील समतेची भाषा गुलामांच्या व स्त्रियांच्या स्थितीशी ताडून पाहिली. निरीक्षण कसे करावे याविषयीचे त्यांचे पुस्तक 1838 चे आहे. लोक काय बोलतात याच्या जोडीला थडग्यांवरचे लेख, तुरुंग आणि लोकगीते पाहावीत, असे त्या त्यात सांगतात.

कार्ल मार्क्स (1818–1883) यांनी स्वतःला कधी समाजशास्त्रज्ञ म्हणवले नाही. तरीही वर्ग, श्रम आणि मालकी यांच्या संबंधांतून समाज समजून घेण्याची त्यांची रीत बाजूला ठेवून या शास्त्राचा इतिहास लिहिता येत नाही. पुढच्या पिढीतील बहुतेकांनी त्यांच्याशी वाद घालतच आपली भूमिका घडवली.

समाजशास्त्राला विद्यापीठात स्वतःची जागा मिळवून दिली एमिल द्यूर्केम (1858–1917) यांनी. पूर्व फ्रान्समधील एपिनाल येथे एका रब्बीच्या (ज्यू धर्मगुरूच्या) घरी त्यांचा जन्म झाला. आजोबा आणि पणजोबाही रब्बीच होते. द्यूर्केम यांनी ती परंपरा सोडली, पण माणसांना एकत्र बांधणारे काय असते, हा त्या घराचाच प्रश्न त्यांनी आयुष्यभर वागवला. 1887 मध्ये ते बोर्दो विद्यापीठात शिकवू लागले आणि 1893 मध्ये श्रमविभागणीवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. साध्या समाजात माणसे सारखेपणाने बांधलेली असतात, तर गुंतागुंतीच्या समाजात परस्परावलंबनाने, असे त्यात मांडले आहे. 1895 च्या ग्रंथात त्यांनी ‘सामाजिक तथ्य’ ही संकल्पना दिली. भाषा, कायदा, चलन, शिष्टाचार या गोष्टी आपल्या जन्माआधीपासून असतात, आपल्या बाहेर असतात आणि आपल्यावर दाब टाकतात. तो दाब जाणवतो त्या मोडू पाहताना.

ही कल्पना कसाला लावण्यासाठी त्यांनी सर्वांत खाजगी वाटणारी कृती निवडली. ‘आत्महत्या’ (1897) हा ग्रंथ व्यक्तीच्या मनात शिरत नाही. वेगवेगळ्या गटांतील दर वर्षानुवर्षे साधारण स्थिर का राहतात, प्रोटेस्टंट प्रदेशांत कॅथलिक प्रदेशांपेक्षा ते जास्त का, आर्थिक मंदीप्रमाणे अचानक आलेल्या भरभराटीतही ते का वाढतात, असे प्रश्न तो विचारतो. भरभराटीचे कोडे त्यांनी प्रमाणकशून्यतेच्या आधारे सोडवले. अपेक्षांना मर्यादा घालणारे नियम सैल झाले की किती मिळाले म्हणजे पुरे, हेच माणसाला कळेनासे होते. या ग्रंथावरचा मोठा आक्षेप रास्त आहे : कॅथलिक भागांत अशा मृत्यूंची नोंद दुसऱ्या कारणाखाली होण्याचा संभव अधिक होता, म्हणजे आकडे स्वतःच समाजाने घडवलेले होते. गंमत अशी की हा आक्षेपही द्यूर्केम यांनी शिकवलेल्या नजरेतूनच येतो. पहिल्या महायुद्धाने त्यांची शिष्यमंडळी उद्ध्वस्त केली. त्यांचे शिष्य रॉबेर हर्त्स 1915 मध्ये मारले गेले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस मुलगा आंद्रेही गेला. त्या धक्क्यातून द्यूर्केम सावरले नाहीत.

जर्मनीतील मॅक्स वेबर (1864–1920) यांची वाट वेगळी होती. 1897 च्या उन्हाळ्यात वडिलांशी त्यांचे कडाक्याचे भांडण झाले आणि समेट होण्याआधीच वडील वारले. त्यानंतर वेबर मानसिक आजाराने खचले. वाचणे आणि शिकवणेही अशक्य झाले आणि 1903 मध्ये त्यांनी हायडेलबर्गमधील प्राध्यापकपद सोडले. सावरल्यावर लिहिलेला पहिला मोठा प्रबंध म्हणजे प्रोटेस्टंट नीती आणि भांडवलशाहीची प्रेरणा यांवरील लेखन (1904–05). कोणाचा उद्धार होणार हे ईश्वराने आधीच ठरवले आहे, या कॅल्व्हिनपंथी (प्रोटेस्टंटांच्या एका शाखेच्या) शिकवणुकीने अनुयायांना घोर लावला. आपण निवडलेल्यांपैकी आहोत याची खूण ते अथक कामात आणि काटकसरीत शोधू लागले. पुढे श्रद्धा ओसरली, कामाची सक्ती मात्र मागे राहिली. विश्रांती घेता न येणाऱ्या माणसाचे हे वर्णन वाचताना लेखकाचे आजारपण आठवल्याशिवाय राहत नाही. अर्थात सिद्धांताचा खरेखोटेपणा त्यावरून ठरत नाही. माणूस आपल्या कृतीला जो अर्थ देतो तो समजून घेतल्याशिवाय स्पष्टीकरण पुरे होत नाही, ही वेबर यांची मूळ भूमिका होती. पारंपरिक, करिष्म्यावर आधारलेली आणि कायद्यावर आधारलेली असे सत्तेचे तीन प्रकार, तसेच लेखी नियम, उतरंड व फायली यांवर चालणाऱ्या नोकरशाहीचे विश्लेषण ही त्यांची आज सर्वाधिक वापरात असलेली देणगी आहे. ‘अर्थव्यवस्था आणि समाज’ हा त्यांचा अपुरा राहिलेला ग्रंथ पत्नी मारियाने वेबर यांनी त्यांच्या मृत्यूनंतर सिद्ध केला. त्या स्वतः स्त्रीप्रश्नाच्या अभ्यासक होत्या.

वेबर यांचे समकालीन गेओर्ग झिमेल (1858–1918) यांना पूर्ण प्राध्यापकपद मिळायला 1914 उजाडले. ज्यू असणे हे त्यामागचे एक मोठे कारण होते. गटात असूनही पुरता गटाचा नसलेला ‘परका’ हे त्यांनी रेखाटलेले चित्र प्रसिद्ध आहे.

या सर्वांत ज्यांची उपेक्षा सर्वाधिक खटकते ते डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस (1868–1963). हार्वर्डची पीएच. डी. मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय (1895). बर्लिनमध्येही त्यांचे शिक्षण झाले होते. 1896 मध्ये पेनसिल्व्हानिया विद्यापीठाने फिलाडेल्फियाच्या सातव्या वॉर्डातील कृष्णवर्णीयांचा अभ्यास त्यांच्यावर सोपवला, पण वर्गात शिकवण्याचे काम दिले नाही. ड्यू बॉइस त्याच वस्तीत राहिले, घरोघरी जाऊन प्रश्नावल्या भरल्या, जुने दस्तऐवज चाळले आणि नकाशे काढले. 1899 मध्ये छापून आलेल्या या अभ्यासाने दाखवले की वस्तीतील दारिद्र्याचा आणि गुन्ह्यांचा संबंध वंशाच्या गुणदोषांशी नाही. गुलामगिरीचा इतिहास, नोकऱ्यांत बंद असलेली दारे आणि जास्त भाड्याची वाईट घरे यांच्याशी तो आहे. शिकागो विद्यापीठातील शहरी अभ्यास गाजू लागले त्याच्या कितीतरी आधीचे हे काम आहे. तरी अमेरिकी समाजशास्त्राच्या जन्मकथेत ते अनेक दशके नव्हते. 1903 च्या निबंधसंग्रहात त्यांनी ‘दुहेरी जाणीव’ मांडली : स्वतःकडे सतत तुच्छतेने पाहणाऱ्या जगाच्या डोळ्यांनी स्वतःला मोजत राहणे. पुढे संशोधन पुरेसे नाही असे वाटून ते चळवळीत उतरले. 27 ऑगस्ट 1963 रोजी घानामधील आक्रा येथे ते वारले. दुसऱ्याच दिवशी वॉशिंग्टनमध्ये नागरी हक्कांसाठीचा विराट मोर्चा निघाला.

भारतात मुंबई विद्यापीठाने 1919 मध्ये स्कॉटिश नगररचनाकार पॅट्रिक गेडीस यांच्या नेतृत्वाखाली या विषयाचा विभाग सुरू केला. 1924 पासून गोविंद सदाशिव घुर्ये (1893–1983) यांनी तो वाढवला. त्याआधीच, 1916 मध्ये, डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात जातीचे मर्म गटांतर्गत विवाहात आहे आणि स्त्रियांवरील निर्बंध त्यातूनच येतात, असे दाखवले होते. समाजशास्त्राच्या वर्गांत या निबंधाला फार उशिरा जागा मिळाली. घुर्ये यांच्या विद्यार्थिनी इरावती कर्वे (1905–1970) बर्लिनमध्ये ऑयगेन फिशर या वंशवादी शास्त्रज्ञाच्या हाताखाली कवट्या मोजत होत्या. मापांवरून वंशश्रेष्ठत्व सिद्ध व्हावे अशी अपेक्षा असताना त्यांनी तसा संबंध आढळत नाही, असा निष्कर्ष लिहिला. मार्गदर्शकाच्या मताविरुद्ध जाणारे असे धैर्य संशोधनात विरळाच दिसते. भारतातील नातेसंबंधांच्या रचनेवरील त्यांचा ग्रंथ 1953 चा.

एम. एन. श्रीनिवास (1916–1999) यांनी 1952 च्या कूर्गवरील ग्रंथात ‘संस्कृतीकरण’ मांडले. खालची मानलेली जात वरच्या जातीचे आचार उचलून उतरंडीत वर सरकू पाहते, अशी ही प्रक्रिया. जातिव्यवस्था गोठलेली आहे हा समज त्यामुळे हादरला. मात्र उतरंड तशीच राहून माणसे फक्त जागा बदलतात, ही त्यावरील टीका वजनदार आहे. 1948 मध्ये म्हैसूरजवळच्या एका खेड्यात राहून केलेल्या अभ्यासाची त्यांची प्रक्रिया केलेली टिपणे 1970 मध्ये स्टॅनफर्ड येथे आगीत गेली. मग त्यांनी मुख्यतः आठवणींच्या आधारे त्या गावाचे चित्र उभे केले आणि ते पुस्तक 1976 मध्ये आले.

प्येर बोर्दिए (1930–2002) हे दक्षिण-पश्चिम फ्रान्समधील खेड्यातल्या टपाल कर्मचाऱ्याचे पुत्र. पॅरिसच्या उच्चभ्रू शिक्षणसंस्थेत त्यांना आपली बोली, हावभाव, आवडीनिवडी सगळेच परके वाटले. लष्करी सेवेसाठी अल्जीरियात गेल्यावर त्यांनी क्षेत्रकार्य सुरू केले आणि पुढे आपल्याच प्रांतातील अविवाहित शेतकऱ्यांचाही अभ्यास केला. घरातून मिळालेली भाषा, पुस्तकांची सवय आणि अभिरुची हे पैशासारखेच भांडवल आहे आणि शाळा त्यालाच ‘हुशारी’ म्हणून गुण देते, असे त्यांनी दाखवले. त्यांचे ‘सांस्कृतिक भांडवल’ आज शिक्षणाच्या आंतरराष्ट्रीय पाहण्यांतही उतरले आहे. विद्यार्थ्याला घरी किती पुस्तके आहेत, हा प्रश्न त्यांत आवर्जून विचारला जातो.