नॉर्वेतला चाकू आणि तो घडवणारे हात

नॉर्वेच्या खेड्यात कमरेला लटकणाऱ्या रोजच्या चाकूला 'टोलेक्नीव' म्हणतात, म्हणजे लाकूड तासायचा चाकू. चमचा कोरणे, दोर कापणे, मासा साफ करणे, जेवताना मांस कापणे, सगळे त्याच्यावर. तो घडवणारा माणूस बहुधा शेतकरीच असे. उन्हाळा कापणीत जायचा आणि बर्फाने वाटा अडवल्या की भट्टी पेटायची.

या कारागिरीची सुरुवात दलदलीत आहे. नॉर्वेतल्या दलदलींत लोहयुक्त माती साठते. ती भाजून कोळशाच्या छोट्या भट्टीत वितळवायची पद्धत तिथे दोन हजार वर्षांहून जुनी. टेलेमार्कमधल्या मोर्गेडाल भागात दहाव्या शतकातल्या एका लोहाराचे थडगे सापडले आहे. त्याच्यासोबत हातोडे आणि सांडशा पुरल्या होत्या, तलवारीही. सेतेसदालमधल्या हुलेस्ताद इथल्या लाकडी चर्चच्या दाराची चौकट साधारण 1200 सालची. तिच्यावर जुन्या नॉर्स दंतकथेतला रेगिन हा लोहार ऐरणीवर तलवार घडवताना कोरला आहे. देवळाच्या दारात लोहाराला जागा मिळते, यावरून त्या समाजातला त्याचा मान कळतो.

पात्याची रचना मात्र टंचाईतून आली. मऊ लोखंड मिळत असे, धार धरणारे पोलाद दुर्मीळ आणि महाग. म्हणून लोहार पोलादाची पातळ पट्टी मऊ लोखंडाच्या दोन थरांत घालून घणाने एकजीव करत. धारेला कडकपणा मिळे आणि बाजूंच्या मऊ थरांमुळे पाते सहसा मोडत नसे. मग पाणी देणे, म्हणजे पाते कडक करणे. पाते लाल होईपर्यंत तापवायचे, लोहचुंबकाला चिकटेनासे झाले की तेलात बुडवायचे. आता ते काचेसारखे ठिसूळ झालेले असते, म्हणून दोनशे अंशांच्या थोडे वर पुन्हा हलके तापवतात आणि पृष्ठभागावर गवताच्या काडीसारखा पिवळा रंग आला की थांबतात. तो रंग ओळखण्यातच लोहाराची खरी परीक्षा आहे, असे मला वाटते.

पात्याची निमुळती शेपटी मुठीतून आरपार नेऊन टोकाला ठोकून बसवतात. मूठ बहुतेकदा गाठीदार, लहरदार रेषांच्या बर्चची. बर्च म्हणजे आपल्या भूर्जपत्राच्या झाडाचाच सगासोयरा. म्यान ओल्या चामड्याचे असते. ते चाकूभोवती ओढून मागे शिवतात, वाळल्यावर अर्धी मूठ आत घट्ट बसते आणि वेगळा पट्टा लागत नाही. म्यान चुकले तर चाकू चुकला.

या हातकामातून कारखाने उभे राहिले. हालिंगदालमधल्या गैलो गावात 1882 साली ओयो आणि 1896 साली ब्रुस्लेत्तो सुरू झाले. 1909 मध्ये ओस्लो-बर्गन रेल्वे याच गावातून गेली आणि माल बाहेर जाऊ लागला. पश्चिम किनाऱ्यावरच्या होल्मेदालमध्ये 1932 साली स्टाइनर आणि सिगमुंड हेल्ले या भावांनी कारखाना काढला. तिथे आजही तीन थरांच्या पोलादाची पाती वापरली जातात. जुन्या टंचाईतली युक्ती अजून टिकून आहे.

हाताने घडवणारेही उरले आहेत. त्यांचे चांदीचे जडावकाम केलेले चाकू 17 मे या राष्ट्रीय दिनी बुनाड या पारंपरिक पोशाखावर कमरेला दिसतात. एरवी रस्त्यावर चाकू बाळगायला तिथला कायदा सबळ कारण मागतो. बुनाडवरच्या चाकूला मात्र मोकळीक आहे.